पोरं शिकलेलं बाहेर मारामारीत वापरतात, मग क्लास बंद करू का?

प्रश्न विचारणाऱ्याने बरंच मोठं लिहिलंय, बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. वय २६, कराटेत ब्लॅक बेल्ट, दिवसा आयटीत नोकरी. येरवड्याच्या बाजूला एका वस्तीत समाजमंदिराच्या हॉलमधे शनिवार-रविवार फुकट क्लास घेतो. सुरुवातीला चाळीस पोरं आली, सहा महिन्यांत नऊ उरली. आणि गेल्या महिन्यात त्या नवातल्या दोघांनी शेजारच्या चाळीतल्या एका पोराला धुतलं, त्याच्या ओठाला टाके पडले, त्याची आई क्लासवर आली आणि सगळ्यांसमोर म्हणाली की तुम्हीच पोरं बिघडवताय. आता याचा प्रश्न असा की कुमिते (समोरासमोरची लढत) बंद करून नुसता काता (एकट्याने करायच्या ठरलेल्या हालचाली) शिकवू, का क्लासच गुंडाळू.

मी ज्युदोवाली आहे, कराटेवाली नाही, त्यामुळे तुझ्या किक-पंचमधलं मला फार कळत नाही हे आधीच सांगते. पण दांडेकर पुलाच्या बाजूला एका वस्तीत २००४ पासून संध्याकाळी साडेसहाला हॉल उघडते आणि साडेआठला कुलूप लावते, दिवसा एका पतसंस्थेत कॅशला बसते, आणि तुझ्याकडे जशी ती बाई आली ना, तशा माझ्याकडे आजवर चारजणी येऊन ओरडून गेल्यात. तू माझ्या भाच्याच्या वयाचा आहेस म्हणून अरे-तुरे करते, राग मानू नकोस.

आधी तुझ्या डोक्यावरचं ओझं जरा हलकं करते. सहा महिने, आठवड्याला दोन दिवस, तासभर, म्हणजे फार तर बावन्न तास झाले. त्यात सुट्ट्या, पाऊस, तुझे ऑफिसचे डिप्लॉयमेंट की काय ते धरून चाळीसच म्हण. चाळीस तासांत कुणी कराटे शिकत नाही रे, धड उभं राहायला शिकतो. ओठ फोडायला वस्तीतल्या पोराला माए-गेरी, म्हणजे तुमची ती समोरची किक, लागत नाही, ते आठव्या वर्षापासून त्याला येतंच, आणि कराटे नसतं तर पट्टा होता, स्टंप होता, दगड होता.

मग बदललं काय? तर नाव बदललं. काल तो नुसता अमक्याचा पोरगा होता, आज तो "कराटेवाला" झाला. आणि गल्लीत एकदा असं नाव पडलं की टपरीवर, नळावर, शाळेच्या गेटवर कुणीतरी म्हणतंच, "ये की, दाखव तुझं कराटे." आजूबाजूला चार मित्र, त्यात एखादी मुलगी. आता त्याने काय करायचं? मागं फिरला तर इज्जत जाते, आणि चौदा-पंधराच्या वयात त्याच्याकडे इज्जत सोडून दुसरं काय असतं. तुझा प्रश्न खरं म्हणजे हा आहे, कुमिते का काता हा नाही. तू त्याला मारायचं कसं हे दाखवलंस, पण सगळ्यांसमोर न मारता घरी कसं जायचं ते त्याला अजून कुणी दाखवलेलं नाहीये.

मला हे कळायला पाच वर्षं लागली आणि तेही अपघाताने कळलं. २००९ ची गोष्ट. माझ्याकडे एक पंधरा वर्षांचा पोरगा होता, अंगाने बारका, पण पकड अशी की सोडवता यायची नाही. त्याच्या शाळेची पिशवी दोघा-तिघांनी हिसकावली आणि टपरीच्या पत्र्यावर फेकली, सरळसरळ चिथवायला. मी समोरच्या किराणा दुकानात होते, त्याला दिसत नव्हते. माझ्या पोटात गोळा. आणि हा बाबा शांतपणे म्हणतो, "आत्ता नाय रे, परवा डिस्ट्रिक्टची वजनं आहेत. हात लावला तर ताई टीममधून काढती, लय खडूस बाई आहे. मॅच झाल्यावर ये." ती पोरं हसली. एकजण म्हणाला, "हा, ती खडूसच आहे, आमच्या भावाला महिनाभर फरशी पुसायला लावली." पिशवी काढून दिली त्यांनीच.

म्हणजे बघ, त्याने माघार घेतली पण माघार त्याच्या नावावर पडली नाही, माझ्या नावावर पडली. तो भित्रा ठरला नाही, मी खडूस ठरले. दुकानातून बाहेर येईपर्यंत माझ्या डोक्यात लख्ख पडलं की या पोरांना माझ्या उपदेशाचा काडीचा उपयोग नाहीये, त्यांना माझा बहाणा म्हणून उपयोग आहे. तेव्हापासून मी मुद्दाम, ठरवून, जाहीरपणे खडूस आहे.

जाहीरपणे हा शब्द महत्त्वाचा. नियम हॉलच्या आत लिहून काही होत नाही, समोरच्या पोराला तो माहीत असायला हवा. मी बाहेरच्या दारावर ऑइलपेंटने लिहून घेतलंय, "बाहेर भांडण केलं तर एक महिना मॅट बंद. कोणी सुरू केलं ते विचारणार नाही." टपरीवाल्याला माहीत आहे, मंडळाच्या पोरांना माहीत आहे, रिक्षा स्टँडवर माहीत आहे. शेवटचं वाक्य अन्यायाचं वाटतं, मलाही वाटायचं, पण ते काढून बघितलं तर दर वेळी कोर्ट भरायचं आणि साक्षीदार आणायचे, त्यात पुन्हा दोन भांडणं. आणि नियम जितका आंधळा तितका बहाणा चांगला चालतो. "ती ऐकूनच घेत नाही रे" असं म्हणता आलं पाहिजे त्याला.

पण बहाणा चालायला पोराकडे गमवायला काहीतरी पाहिजे, आणि तुझ्या क्लासमधे तेच नाहीये असं मला वाचताना वाटलं. फुकट क्लास, आला तर आला, स्पर्धा नाही, बेल्टची परीक्षा नाही, तर "सर काढतील" म्हणून तो सांगणार तरी कशातून? शालेय क्रीडा स्पर्धा असतात, १४, १७ आणि १९ वर्षांखालील असे गट असतात, जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयातून माहिती मिळते आणि एंट्री शाळेमार्फतच जाते, म्हणून शाळेच्या पीटीच्या सरांशी ओळख कर. कराटेत संघटना बऱ्याच आहेत, तर कुठलं सर्टिफिकेट कुठे धरलं जातं ते आधी कार्यालयातच विचारून घे, पोरांकडून फी घेतल्यावर नको. आणि दहावीचे वाढीव मार्क, सरकारी नोकरीतलं खेळाडूंचं ५ टक्के आरक्षण वगैरे पालकांना सांगताना जपून, ते ठराविक स्पर्धांच्या ठराविक पातळीला असतं, जिल्ह्याला एक मॅच खेळलं की नोकरी असं काही नसतं. खोटं आमिष दाखवलं तर दोन वर्षांनी तेच पालक हिशोब मागायला येतात.

आता त्या दोघांचं. काढू नकोस त्यांना. हे मी चूक करून शिकले. २०११ मधे सतरा वर्षांच्या एकाला मी सगळ्यांसमोर बॅग उचलायला लावली आणि सांगितलं परत दिसायचं नाही. चांगला खेळायचा, फार चांगला, म्हणूनच जास्त राग आला असेल मला. आठ महिन्यांनी तो येरवड्याच्या रिमांड होममधे होता. त्याच्या आईबरोबर गेटपर्यंत गेले, आत मला सोडणार नव्हतेच, बाहेर रिक्षात बसून राहिले. माझ्यामुळे तो तिथे गेला असं मी म्हणत नाही, त्याच्या घरात आणि संगतीत दहा कारणं होती. पण रोज साडेसहाला जायला त्याला एक जागा होती आणि ती मी काढून घेतली, एवढं खरं आहे. त्या आठ महिन्यांत साडेसहाला तो कुठे असायचा ते मला नंतर कळलं.

तेव्हापासून शिक्षा अशी की मॅट बंद, पण हॉल बंद नाही. रोज यायचंच. मॅट घालायची, ओल्या फडक्याने पुसायची, बारक्यांचं उचीकोमी (न फेकता डावात शिरायचा पुन्हा पुन्हा सराव) मोजायचं, कुणाचं नाक फुटलं तर कापूस धरायचा. एक दिवस दांडी मारली तर महिना पहिल्यापासून. सोपी वाटते पण पोरांना ही सगळ्यात जड जाते, कारण पाच-सहा दिवसांनी बघूनबघून हात शिवशिवायला लागतात. एकजण तर भिंतीला टेकून बसल्या जागी पायाने हरई-गोशी हा फेकायचा डाव मारायचा, त्याचं त्यालाच कळायचं नाही, मी दुसरीकडे बघायचे. दोघांना एकत्र शिक्षा देत असलास तर कामं वेगळी दे, नाहीतर कोपऱ्यात बसून पुढचा प्लॅन करतात.

कुमितेचं विचारलंस तर माझं मत, बंद करू नकोस. नुसत्या कात्यावर ही नऊ पण जातील, आणि ज्याच्या हाताला खाज आहे त्याला नियमात, माणसासमोर, थोडं मारून आणि थोडं खाऊन घ्यायची सोय असलेली बरी. माझा अनुभव असा की ज्याने दोन-तीन वर्षं मनापासून रांदोरी, म्हणजे आमच्यातली सरावाची लढत, केली तो बाहेर फारसा हात उचलत नाही, त्याचं समाधान झालेलं असतं. गोंधळ होतो तो पहिल्या वर्षात, थोडं येतं आणि ते कुणाला तरी दाखवायचं असतं तेव्हा. मात्र हे तुझ्या नजरेवर अवलंबून आहे. एका वेळी दोन किंवा तीन जोड्या, त्याच्यावर नाही, ग्लोव्हज आणि दातांचं गार्ड असल्याशिवाय नाही, आणि ज्याचं घरी किंवा शाळेत त्या दिवशी काही बिनसलंय त्याला त्या दिवशी नाही. हे चेहऱ्यावरून कळतं, बूट काढायच्या पद्धतीवरून कळतं. नवीन असताना नाही कळणार, तर विचार.

माझ्याकडे पहिले तीन आठवडे फक्त उकेमी असते, म्हणजे पडायचं कसं एवढंच. मागे, बाजूला, पुढे, हनुवटी छातीला, हात जमिनीवर आपटायचा. कंटाळून निम्मी पोरं पळतात, पळू देत. यात सुरक्षेचा भाग तर आहेच. आमची पहिली मॅट म्हणजे काथ्याच्या गाद्या आणि त्यावर बोहरी आळीतून आणलेली ताडपत्री, खाली शहाबादी फरशी, तेव्हा पडता न येणाऱ्याला फेकायचं म्हणजे गुन्हाच होता. जपानमधे शाळांतल्या ज्युदोत डोक्याला मार लागून मुलं दगावलीत आणि त्यात ओ-सोतो-गारी या डावाचं नाव सारखं येतं, म्हणून पाय मागून उडवायचा तो डाव मी वर्षभर तरी शिकवत नाही. कारण मॅटवर समोरच्याला पडता येतं, डांबरी रस्त्यावर चाळीतल्या पोराला ते येत नसतं, आणि हा तोच डाव मारणार, कारण तो सगळ्यात सोपा. त्याऐवजी आधी कमरेवरून फेकायचे डाव, ज्यात फेकणाऱ्याने समोरच्याची बाही शेवटपर्यंत धरून ठेवायची असते. बाही वर ओढून धरली की तो पाठीवर नीट पडतो, सोडली की खांद्यावर किंवा डोक्यावर. सुरुवातीला सगळे सोडतात, फेकल्यावर हात वर करून नाचायचं असतं ना. मी तिथेच माते, म्हणजे थांब, म्हणते आणि विचारते, "बाही कुठंय?" दिवसातून पन्नास वेळा. माझी जुनी पोरं आता स्वतःच्या लेकरांना रस्ता ओलांडताना म्हणतात, बाही धर.

तुझ्या कराटेत याच्या जोडीचं काय असेल ते तुला माहीत. मला वाटतं पंच लागायच्या दोन बोटं आधी थांबवणं ते असावं. ते पन्नास वेळा विचार.

आता ज्या गोष्टी परिस्थितीवर आहेत त्या. सगळ्यात मोठी म्हणजे तुझे दिवस. शनिवार-रविवारचा क्लास वाईट नाही, पण भांडणं मंगळवारी संध्याकाळी सात वाजता होतात, शाळा सुटलेली, घरात टीव्ही आणि धाकटी रडतायत, बाहेर पोरं उभी. आपल्या पुण्यात तालमी काही आजच्या नाहीत, गंज पेठेत लहुजी वस्ताद साळव्यांची तालीम होती, जोतिबा फुले तिथे शिकले असं आपण सगळेच ऐकत आलोय, आणि पेठांतल्या कुठल्याही जुन्या तालमीत जा, वस्ताद म्हणजे रोज दिसणारा माणूस. कुणाचा बाप आठवडाभर घरी आला नाही हे त्याला माहीत असतं. तू हिंजवडीवरून सातला निघून येरवड्याला पोचणार नऊला, ते तुझ्याने होणार नाही हे मान्य. मग नवातला सगळ्यात मोठा जो असेल त्याच्या हातात बुधवारची किल्ली दे. फक्त धावणं, दोरीउड्या, काता. स्पारिंग नाही. किल्लीवाला पोरगा बदलतो, बघ तू. कधी कधी बिघडतो पण, माझ्याकडे एकाने हॉलमधे पत्त्यांचा अड्डा काढला होता, तर अधूनमधून न सांगता जा.

नऊ उरले म्हणून वाईट वाटून घेऊ नकोस. ज्युदो ज्यांनी काढला त्या जिगोरो कानोंनी १८८२ मधे तोक्योत एका देवळात सुरुवात केली तेव्हा बारा ताताम्या (जमिनीवरच्या जपानी चटया) होत्या आणि विद्यार्थी नऊ. तुझी जागा त्यांच्यापेक्षा मोठीच असेल. चाळीस जी आली होती ती बघायला आली होती. शिवाय पुण्यात क्लास चालवायचा तर पंचांग पाठ पाहिजे. पालखी आली की दोन दिवस हॉल वारकऱ्यांना, तेव्हा आम्ही क्लास बंद ठेवून पाणी वाटतो. गणपतीच्या आधी महिना-दीड महिना मोठी पोरं नदीपात्रात ढोलाच्या प्रॅक्टिसला, त्या काळात मी चिडायचे, आता सरळ बारक्यांची बॅच चालवते आणि ढोलवाल्यांना सांगते विसर्जनाच्या चौथ्या दिवशी हजर. मे महिन्यात सगळं गाव आपापल्या गावाला. हे सोडून जे गळतात त्यांचं कारण घरी गेल्याशिवाय कळत नाही. एकजण मंडईत मामाच्या गाळ्यावर उभा असतो, एकीला धाकट्या भावाला सांभाळायचं असतं (घेऊन ये म्हटलं, बसतो कोपऱ्यात), आणि एकजण यायचा बंद झाला कारण त्याची पँट फाटली होती. पँट! त्याच्यासाठी मी दोन आठवडे मानसशास्त्र लावत बसले होते.

एक दोनशे पानी वही घे. नाव, शाळा, आईचा मोबाईल, संध्याकाळी सातला घरी कोण असतं. आईचा नंबर, बापाचा नाही, बापाचा दर दोन महिन्यांनी बदलतो. आणि केळी आण. संध्याकाळी आलेल्या पोराने दुपारी काय खाल्लंय याचा भरवसा नसतो, माझ्याकडे एकजण वॉर्मअपमधेच चक्कर येऊन पडला तेव्हापासून आधी प्रत्येकाला केळं किंवा मूठभर शेंगदाणे-गूळ, मग मॅट. त्याचे पैसे फीमधून निघतात, आणि हो, फी घे. महिना पन्नास रुपये घे, ज्याला जमत नाही त्याने हॉल झाडायचा, पण फुकट नको. फुकट म्हटलं की लोकांना वाटतं कुणीतरी मागे आहे, आणि थोड्याच दिवसांत खरंच कुणीतरी मागे येतं.

ते मागे येणारे दोन प्रकारचे. पहिले इच्छुक, म्हणजे फ्लेक्सवर भावी लिहिलेले. एकाने मला वीस मॅट दिल्या होत्या, मी घेतल्या, गरज होती. तीन महिन्यांनी माझी पोरं पांढऱ्या ड्रेसमधे हातात झेंडे घेऊन त्याच्या रॅलीत पुढे, मला विचारलंही नव्हतं, आणि दुसऱ्या बाजूच्या घरांतून चौदा मुलं एका आठवड्यात बंद. त्या मॅट शेवटी २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री आंबिल ओढ्याला पूर आला त्यात गेल्या, चिखल पिऊन फुगल्या. खरं सांगू, वाईट वाटलं पण थोडं सुटल्यासारखंही वाटलं. आता जे कोण देतात त्यांना सांगते, पावती देते, नाव वहीत लिहिते, फ्लेक्स नाही.

दुसरे जास्त अवघड. पोरगा अठराचा झाला, खांदे भरले, की त्याला विचारणा येते. आधी इव्हेंटला बाऊन्सर, मग कुणाच्या तरी हप्त्याची रिकव्हरी, मग एखाद्या जागेच्या ताब्याच्या वेळी "नुसतं उभं राहायचं". एका रात्रीचे जे पैसे ते सांगतात ते त्याची आई आठवडाभर धुणी-भांडी करून मिळवते. इथे तत्त्वज्ञान चालत नाही, त्याला पैसे लागतातच. मी काय करते, तर सोळाव्या वर्षापासूनच त्याच्या पुढे दुसरं काहीतरी ठेवते. औंधच्या आयटीआयचा फॉर्म, शाळांमधे असिस्टंट म्हणून शिकवायचं काम, किंवा पोलीस भरती. भरतीचं आमच्या पोरांना बरं जमतं, मुलांना १६०० मीटर, १०० मीटर आणि गोळाफेक, मुलींना १६०० च्या जागी ८००, मैदानी ५० मार्क आणि लेखी १००. अडकतात ती लेखीला, तर त्यासाठी मंगळवार-गुरुवार अर्धा तास गणित घेते, पतसंस्थेत बसून व्याजाची गणितं तरी माझी पक्की झालीत. आणि भरतीचा दुसरा उपयोग म्हणजे पुन्हा तोच, बहाणा. अठरा पूर्ण झाल्यावर नावावर केस पडली तर चारित्र्य पडताळणीत अडकतं हे रिकव्हरीवाल्यालाही माहीत असतं. "भाऊ, भरतीचा फॉर्म भरलाय" म्हटलं की तो पण फार ताणत नाही, निदान त्या वर्षी.

सगळे वाचतात असं नाही. माझ्याकडचे तिघंजण आज ज्या कामात आहेत ते मला आवडत नाही, रस्त्यात भेटले की वाकून नमस्कार करतात आणि मला काय बोलावं कळत नाही.

इथवरचं पुन्हा एकदा, कारण फार लांबलं. काढू नकोस, मॅट बंद कर. नियम बाहेरच्या दारावर. गमवायला काहीतरी दे. कुमिते चालू, पण कमी जोड्या. आठवड्यात तिसरा दिवस.

एक राहिलं, तू मुलगा आहेस आणि नवात दोन मुली आहेत असं लिहिलंयस म्हणून. हॉलचं दार कायम उघडं ठेव, कुठल्याही मुलाला किंवा मुलीला एकटं थांबवायचं नाही, हात लावून पोझिशन दुरुस्त करायची तर आधी सांगून, सगळ्यांसमोर. पालकांची सही घेतलेली असू दे. आणि वस्तीतलीच एखादी बाई क्लासभर हॉलमधे बसेल असं बघ. माझ्याकडे मी स्वतः बाई असून एकजणी रोज येऊन मेथी निवडत, गवार मोडत बसते, तिच्यामुळे मुलींच्या घरचे निर्धास्त असतात. कधी एखाद्या पोराने घरातलं किंवा शेजारचं काही वाईट सांगितलं, तर तू चौकशी करत बसायची नाही आणि "बघू" म्हणून सोडायचंही नाही, पोक्सो कायद्यात कळवणं बंधनकारक आहे, १०९८ ला फोन कर किंवा पोलिसांकडे जा. हे वेळ आल्यावर सुचत नाही म्हणून आधीच सांगून ठेवते.

आता शनिवारच्या आधी करायचं काम. त्या बाईच्या घरी जा. एकटा जा, त्या दोघांना पहिल्या खेपेला नेऊ नकोस, ते घाबरून हसतात आणि आणखी बिघडतं. ड्रेस नको, साधा शर्ट. ती ओरडेल, ओरडू दे, मधे बोलू नकोस, आमच्या पोरांची पण बाजू आहे वगैरे तर अजिबात नको. बस म्हणाली तर बस, चहा दिला तर पी. मग टाक्यांची पावती माग. अर्धे तू दे आणि अर्धे त्या दोघांकडून आठवड्याला वीस-वीस रुपये करून, ते त्यांनी स्वतः तिच्या दारात नेऊन द्यायचे, त्या फेऱ्या मोजल्या जातात गल्लीत. माझ्याकडे ओरडायला आलेल्या चौघींपैकी दोघी पुन्हा कधी बोलल्या नाहीत, एक दिसली की अजून तोंड फिरवते. चौथी म्हणजे ती मेथी निवडणारी. तिच्या पोराच्या डोळ्याखाली तीन टाके होते, पैसे फिटायला पाच महिने लागले, आणि शेवटचे वीस रुपये घेताना तिने आमच्या पोराला विचारलं की तुमच्या त्या खडूस बाईकडे मुलींना पण घेतात का.